भिकुबाईचं खळं आणि माझी साक्ष

माझी धाकटी जाऊ भिकुबाई साक्रीकडच्या डोंगरातल्या एका खेड्यातून लग्न होऊन सोनगीरला आली, तेव्हा मला या घरात येऊन चार वर्षं झाली होती. चार वर्षांत सासूबाईंनी माझ्या हातचं खाऊन एकदाही मान डोलावली नव्हती. मीठ बरोबर पडलं असलं तर त्या गप्प जेवायच्या, तेवढंच माझं कौतुक. भिकुबाईने आल्यावर महिन्याच्या आत खापरावर मांडा टाकला आणि सासूबाई म्हणाल्या, "हाई पोर कामनी शे." पोर कामाची आहे, एवढं एकच वाक्य. मला ते आज पंचाहत्तरीतही पाठ आहे.

ज्यांनी आमच्याकडचा मांडा पाहिला नाही त्यांना सांगते. पुरण भरलेला कणकेचा गोळा दोन्ही हातांवर झेलत झेलत मोठा करत न्यायचा. लाटणं नाही, पोळपाट नाही. पोळी मनगटापासून कोपरापर्यंत लोंबायला लागली की चुलीवर पालथ्या घातलेल्या मातीच्या खापरावर ती अलगद सोडायची. मलाही मांडे येत होते, नाही असं नाही. पण माझा मांडा खापरावर पोचायच्या आधी कुठेतरी फाटायचा आणि पुरण कोपरावरून ओघळायचं. भिकुबाईचा मांडा मलमलच्या फडक्यासारखा. तिच्या हातावर असताना पलीकडचा जाळ दिसायचा.

रूपाने मी उजवी होते. हे मी नाही, गाव सांगायचं. भिकुबाई बुटकी, सावळी, पुढचे दोन दात जरासे बाहेर. पण रूप ताटात वाढता येत नाही. आणि तिचा आणखी एक दुर्गुण म्हणजे ती भांडायची नाही. भांडणारी जाऊ परवडते, दोन शब्द ती बोलते, चार आपण बोलतो, पोट हलकं होतं. ही ऐकून घ्यायची आणि पदर तोंडाला लावून हसायची. माझं सगळं माझ्याच पोटात राहायचं आणि तिथेच त्याला कोंब फुटायचे.

सासूबाईंनी माहेराहून आणलेलं त्यांचं मुरलेलं खापर तिला दिलं. मोठी सून मी. पुढच्या वर्षी चांदीच्या पाटल्या दिल्या, त्याही तिला. मी नवऱ्याला म्हटलं, तर माझे नाना, म्हणजे अभिमन, गाव त्यांना नाना म्हणायचं म्हणून मीही म्हणते, ते म्हणाले, तुला पाटल्या हव्यात का? मी म्हटलं, मला पाटल्या नकोत, तिला मिळायला नकोत.

सासरे हिलाल आबा. त्यांनी जायच्या आधीच्या उन्हाळ्यात दोघा भावांना खळ्यात बसवलं. खळं म्हणजे घरामागची मोकळी जागा, पूर्वी तिथे ज्वारी मळायचे. एका अंगाला निंबाचं झाड, दुसऱ्या अंगाला भिकुबाईने घातलेली मांड्यांची मोठी चूल. गावातले निंबा आबा मध्यस्थ म्हणून बसले. रस्त्यावरची पुढची खोली आणि विहिरीकडची शेताची पट्टी थोरल्याला, मागच्या दोन खोल्या आणि खळं धाकट्या पुनाला. कागद नाही, सही नाही. निंबा आबा "बरं झालं" म्हणाले, चहा झाला, वाटणी संपली. सासूबाई आणि आम्ही दोघी जावा दाराशी उभ्या होतो. त्या दिवशी मी खूश होते. रस्त्याची खोली माझी, आणि तिला मिळाली उघडी जमीन आणि झाडाचा पाला.

मग काय झालं, तर भिकुबाईच्या मांड्यांचा बोभाटा झाला. लग्न असो, अक्षय्यतृतीयेची आखाजी असो, बाहेरून लोक यायचे. नरडाण्याहून यायचे, शिरपूरकडून यायचे. आणि दार वाजवायचे माझं, कारण रस्त्यावर माझं दार. "मांडावाली बाईनं घर हाईच का?" नाही, मागे जा. दिवसातून चार वेळा मी सांगायची, मागे जा. एकदा तर एका माणसाने मला बघून विचारलं, तुम्ही त्यांच्याकडे कामाला आहात का. त्या दिवशी मी जेवले नाही. भिकुबाईने ताट झाकून आणून दिलं. मांडाच होता.

ऐंशी-एक्क्याऐंशीच्या सुमाराला गावठाणाची मोजणी आली. साखळी, टेप, नकाशे घेतलेली दोन माणसं घरोघर फिरत होती, प्रत्येक जागेच्या उताऱ्यावर मालकाचं नाव घालत होती. आमच्या दारी आली त्या दिवशी पुनाभाऊ आणि भिकुबाई साक्रीला एका लग्नात मांड्यांना गेलेले. मी मोजणीवाल्यांना चहा दिला. त्यांनी खळ्याला टेप लावला आणि विचारलं, ही जागा कुणाची? नाना खांब धरून उभे होते. ते बोलायला तोंड उघडतात न उघडतात तोच मी दाराआडून म्हटलं, मोठ्याचं नाव लिहा. नानांनी माझ्याकडे पाहिलं आणि मग जमिनीकडे पाहिलं. मोजणीवाल्याने लिहिलं.

एवढंच मी केलं. चहाची कपबशी धुवून ठेवली आणि भिकुबाई लग्नातून परत आल्यावर तिला काही सांगितलं नाही. खळं बळकावायचं असं मनात नव्हतं. कुठेतरी एका कागदावर तरी ती माझ्या मागे असावी, एवढंच वाटलं.

चौऱ्याऐंशी साली पुनाभाऊ काविळीने गेले. भिकुबाईला दोन मुली, मोठी लताबाई नुकतीच सासरी गेलेली. वारस म्हणून आपलं नाव लावायला भिकुबाई धुळ्याला ऑफिसात गेली, तेव्हा तिला कळलं की खळ्याच्या उताऱ्यावर पुनाभाऊंचं नाव कधी नव्हतंच. ती घरी आली, माझ्या दारात उभी राहिली आणि म्हणाली, "अक्का, काईतरी चूक व्हयनी शे." तिला वाटलं, ऑफिसची चूक. मी म्हटलं, सरकारी माणसं चूक करत नाहीत. तेव्हा कुठे तिने माझ्या तोंडाकडे नीट पाहिलं.

मागच्या दोन खोल्यांत तिला मांड्यांची चूल मांडता येत नव्हती. एवढ्या मोठ्या जाळाला उघडं आभाळ लागतं. खळं गेलं तर तिची भाकरी गेली, हे मला कळत होतं. कळत नव्हतं असं मी म्हणणार नाही.

तिने अर्ज केला. धुळ्याच्या साहेबाने तो फेटाळला. ती नाशिकला वरच्या साहेबाकडे गेली. एकटी बाई, पिशवीत भाकरी बांधून, एसटीने. पुढच्या वर्षी नाशिकच्या साहेबाने निकाल दिला की उताऱ्यावर भिकुबाईचं नाव लावा. त्या दिवशी तिने काही गाजावाजा केला नाही, नेहमीसारखे मांडे केले आणि एक आमच्याकडे पाठवला. मी तो गाईला घातला. गाईने आवडीने खाल्ला, तीही तिच्याच बाजूची.

मी नानांच्या मागे लागले. ती नाशिकला जाते काय, आपण त्याच्याहून वर जाऊ. वर म्हणजे कुठे, तर औरंगाबादला. तिथे नुकतंच काही वर्षांपूर्वी हायकोर्टाचं खंडपीठ बसलं होतं. माझा हिशोब साधा होता. तलाठ्यापेक्षा तहसीलदार मोठा, साहेबापेक्षा कोर्ट मोठं आणि कोर्टांत हायकोर्ट सगळ्यात मोठं. मग लहानापाशी कशाला जायचं? आमचे धुळ्याचे वकील म्हणाले होते, अक्का, हे दिवाणी प्रकरण आहे, धुळ्यातच दावा टाकू. मला धुळे नको होतं. धुळ्याला भाजी आणायला पण जातात. भिकुबाई नाशिकला गेली, मी धुळ्याला जाणार? नानांना काय, ते खांब धरून उभे राहणारे. औरंगाबादच्या वकिलाने रिट अर्ज केला. रिट म्हणजे काय ते मी विचारलं नाही. ऐकायला भारदस्त वाटलं.

तिथून पहिला हुकूम आला तो "जैसे थे"चा. म्हणजे निकाल लागेपर्यंत जागा आहे तशी ठेवायची, कुणी काही करायचं नाही. मी तो कागद भिकुबाईला वाचून दाखवला. मी चौथीपर्यंत शिकलेली, अडखळत वाचला, पण वाचला. त्याच पावसाळ्यात तिची चूल खचली. एक भिंत पडली, मग दुसरी. आहे तसं ठेवा म्हणजे चूल पण नव्याने घालायची नाही, असं तिला वाटलं, आणि मी ते वाटणं दूर केलं नाही. ती खळ्याच्या कडेला उभी राहून मातीचा ढीग बघायची. मी पुढच्या खोलीच्या खिडकीतून तिला बघायची. मला बरं वाटत होतं, आणि बरं वाटतंय हेही कळत होतं.

पण ती थांबली नाही. खापर डोक्यावर घेऊन लोकांच्या घरी जाऊ लागली. ज्याच्या घरी लग्न त्याच्याच अंगणात चूल. आता सगळं गाव तिला डोळ्यांनी बघू लागलं, हातावर मांडा झेलताना. आधी लोकांनी तिचे मांडे फक्त खाल्ले होते. आता पोरीसोरी तिच्याभोवती बसून शिकू लागल्या. माझ्या हायकोर्टाने तिला सोनगीरच्या प्रत्येक अंगणात नेऊन बसवलं. सासूबाई आता अंथरुणावर होत्या, त्या म्हणाल्या, सुंदरबाई, तू तिला बसू देत नव्हतीस, ती फिरायला लागली. सुंदरबाई म्हणजे मी. सासूबाईंनी मला क्वचित नावाने हाक मारली असेल, त्यातली ही एक.

एकोणनव्वद साली तारीख लागली. नाना आणि मी चाळीसगावमार्गे एसटीने औरंगाबादला गेलो. मी रात्रभर मनात बोलून ठेवलं होतं. जज्जसाहेबांना काय काय सांगायचं, भिकुबाई कशी आहे, सासूबाईंनी माझ्यावर कसा अन्याय केला, मोठ्या सुनेचा मान काय असतो. लुगडं नवं नेसले होते. कोर्टाच्या खोलीत इतकी शांतता की मला माझ्या बांगड्या धरून बसावं लागलं. काळे झगे आले, गेले. आमचा वकील उठला, इंग्रजीत बोलला. भिकुबाईचा वकील उठला, दोन वाक्यं बोलला. जज्जसाहेबांनी कागद उलटले, काहीतरी म्हणाले, आणि आमचा वकील वाकून बाहेर निघाला. मी पदर सावरत होते तेवढ्यात झालं. मला कुणी काही विचारलंच नाही.

बाहेर व्हरांड्यात वकिलाने नानांना समजावलं, मी ऐकत होते. अर्ज फेटाळला. म्हणाला, हे कोर्ट बघतं की सरकारी साहेबाने आपल्या अधिकाराबाहेर जाऊन काही केलं का, कुणाचं न ऐकता निकाल दिला का. नाशिकच्या साहेबाने तसं काही केलेलं नाही. जागा मुळात कुणाची, वाटणी झाली का, कुणी कुणाला काय दिलं, हे ठरवायचं तर साक्षीदार लागतात, त्यांची उलटतपासणी लागते. ती इथे रिटमध्ये होत नाही. दोन भावांच्या मालकीच्या भांडणाला दिवाणी कोर्ट आहे, तिथे जा. आणि त्याने असंही सांगितलं की जज्जसाहेबांनी निकालात लिहिलंय, उताऱ्यावर नाव लागल्याने कुणी मालक ठरत नाही, ती नोंद दिवाणी कोर्टाला बांधून ठेवत नाही.

मला एवढं कळलं की हायकोर्ट म्हणजे पंगतीत वाढणाऱ्याने भेद केला का तेवढं बघणारं. डाळ कुणाच्या शेतातली, हे त्याला विचारायचं नाही. आणि दुसरं मी ऐकलं ते शेवटचं वाक्य. उताऱ्यावर नाव लागल्याने कुणी मालक ठरत नाही. उताऱ्यावर आता नाव कुणाचं? भिकुबाईचं. म्हणजे हायकोर्टाने सांगितलं की भिकुबाई मालक नाही. माझ्या मते आम्ही जिंकलो होतो.

नाना म्हणाले, अगं, आपला अर्ज फेटाळलाय. मी म्हटलं, अर्ज फेटाळला, पण बोलणं आपल्या बाजूचं केलं. चाळीसगावला एसटी थांबली तेव्हा मी पेढे घेतले आणि दुसऱ्या दिवशी गावात वाटले. सोनगीरच्या इतिहासात हायकोर्टात हरून पेढे वाटणारी मी पहिलीच असेन. भिकुबाईलाही नेऊन दिला. तिने हातात घेतला आणि विचारलं, काय झालं. मी सांगितलं, मोठ्या कोर्टाने म्हटलंय की उताऱ्यावर तुझं नाव आहे त्याला काही अर्थ नाही. तिने पेढा तोंडात टाकला, खाऊन संपवला, मग म्हणाली, "मंग आधी तुमनं नाव व्हतं, त्यालेबी नही ना?"

मी घरी आले. उरलेले पेढे वाटायचे राहिले.

नव्वद साली आम्ही धुळ्याला दावा टाकला. जिथे जायचं नव्हतं तिथेच. आता आम्ही वादी, म्हणजे जागा आमची हे आम्हीच दाखवायचं. वकिलाने गोष्ट अशी बसवली की तोंडी वाटणीत खळं थोरल्याकडेच राहिलं होतं आणि नानांनी धाकट्या भावाच्या बायकोला दया येऊन चुलीपुरतं वापरायला दिलं. दया हा शब्द मला फार आवडला. इतकी वर्षं लोक तिच्या दारी येत होते, आता कोर्टाच्या कागदावर ती माझ्या दयेवर जगलेली बाई होणार होती. निंबा आबा वारलेले, सासूबाई त्याच वर्षी गेल्या. वाटणीच्या वेळी हजर असलेले आता आम्ही तिघंच, नाना, मी आणि भिकुबाई.

त्या श्रावणात आमच्या घरी कानबाई देवी बसली तेव्हा भिकुबाई दर्शनाला आली, पण प्रसादाचे रोट खायला थांबली नाही. कानबाईचे रोट भाऊबंदांनीच मिळून खायचे असतात, घरच्याशिवाय कुणाला द्यायचे नसतात. तिच्या वाटचे रोट मी झाकून ठेवले. कोर्टात आम्ही तिला भाऊबंद मानत नव्हतो, आणि परक्याला तर देता येत नव्हते. शेवटी ते आम्हीच खाल्ले आणि मला दिवसभर ठसका लागला.

भिकुबाईचे वकील बन्सीलाल. धुळ्याचे म्हातारे गृहस्थ, जाड चष्मा, कोटाला दोनच बटणं. त्यांच्या मुलीच्या लग्नात मांडे भिकुबाईनेच केले होते. आमचे वकील म्हणाले, म्हातारा आता थकलाय, काही विचारणार नाही. नानांची साक्ष झाली. नाना जेवढं विचारलं तेवढं म्हणाले, कधी "हो", कधी "आठवत नाही". आमच्या वकिलाला वाटलं, हे पुरायचं नाही. म्हणून त्र्याण्णव साली मला उभं केलं. म्हणाले, अक्कांचं तोंड चालतं, चांगली साक्ष होईल.

तोंड चालतं हे खरं होतं.

आमच्या वकिलाने विचारलेलं मी चोख सांगितलं. खळं थोरल्याचं, आम्ही दया केली, ती चूल घालत होती, आम्ही बोललो नाही. टाइप करणारा टकटक करत होता. जज्जसाहेब तरुण होते, मान हलवत होते. भिकुबाई मागच्या बाकावर बसली होती. मला वाटलं, औरंगाबादला ज्याची वाट पाहिली ते आज इथे होतंय. मला विचारताहेत, मी सांगतेय, आणि ते लिहून घेताहेत.

मग बन्सीलाल वकील उठले. त्यांनी चष्मा पुसला. खळ्याचं नाव काढलं नाही. म्हणाले, "अक्का, तुम्हाला मांडे येतात?"

मी म्हटलं, येतात.

"भिकुबाईंसारखे?"

आमचा वकील उठून म्हणाला, याचा दाव्याशी काय संबंध. साहेबांनी हाताने त्याला बसवलं. म्हणाले, बघू द्या कुठे जातात ते.

मी म्हटलं, तिचं खापर चांगलं आहे म्हणून. खापर चांगलं असलं की कुणालाही येतात.

"खापर कुणाचं आहे?"

सासूबाईंचं, मी म्हटलं.

बन्सीलाल वकील अगदी नवल वाटल्यासारखे म्हणाले, "मोठ्या सूनबाई तर तुम्ही. मग सासूबाईंनी खापर धाकटीला कसं दिलं? तुमच्या हाताला चव नव्हती की काय?"

साक्षीला आमच्या वकिलाने मला शुद्ध बोलायला शिकवलं होतं. ते सगळं गेलं. मी कठडा धरला आणि जे तीस वर्षं पोटात होतं ते माझ्या घरच्या बोलीत बाहेर आलं.

"चव नव्हती? माले चव नव्हती? तुमी तिना मांडा खाईसन बोली राह्यनात, वकीलसाहेब. तिले काय नही दिधं? सासूनं खापर तिले दिधं, पाटल्या तिले दिध्यात, वाटनीमा खयंबी तिलेच दिधं. आनि माले काय, रस्तानी खोली नि तिना चुल्हाना धूर."

टकटक थांबली. साहेबांनी मान वर केली. अगदी हळू विचारलं, "वाटणीत खळं कुणाला दिलं म्हणालात?"

मला तेव्हाही कळलं नाही. मला वाटलं साहेबांना माझ्यावरचा अन्याय खरा वाटत नाही. मी आणखी जोराने सांगितलं, "तिलेच दिधं साहेब. बठ्ठासना समोर दिधं. निंबा आबा बशेल व्हता, आम्ही बाया दारशे उभ्या व्हतूत. मना डोयासमोरनी गोट शे, मी खोटं कसाले सांगू?"

बन्सीलाल वकील म्हणाले, "मला आणखी काही विचारायचं नाही," आणि बसले. आमच्या वकिलाने कपाळाला हात लावला तो खाली घेतला नाही. साहेबांनी टाइप करणाऱ्याला माझं बोलणं शुद्ध मराठीत सांगितलं, वाक्य वाक्य करून. ते ऐकताना मला कळलं मी काय केलं ते. खाली सही माझीच.

औरंगाबादला कागद होते. कागदाला हेवा वाटत नाही, तो जे लिहिलंय तेवढंच सांगतो. म्हणून त्या मोठ्या साहेबांनी आम्हाला धुळ्याला पाठवलं असेल. माणसाला उभं करून त्याच्या दुखऱ्या जागेवर बोट ठेवल्याशिवाय खळं कुणाचं ते कळत नाही, हे त्यांना माहीत असेल. मला माहीत नव्हतं. मी तर आपलं गाऱ्हाणं सांगायला गेले होते.

परतीची एसटी तिघांना एकच मिळाली. नाना खिडकीशी बसले आणि सोनगीर येईपर्यंत बाहेर बघत राहिले, जणू रस्ता आधी कधी पाहिलाच नव्हता. भिकुबाई आमच्या मागे. गावाच्या थांब्यावर उतरल्यावर नाना पुढे निघून गेले. भिकुबाई माझ्या बरोबरीने चालायला लागली. थोडं चालल्यावर म्हणाली, "अक्का, माले वाटनं तुमी खोटं बोलशात."

मलाही तसंच वाटलं होतं.

गावात गोष्ट पसरायला वेळ लागला नाही, पण ती वेगळीच पसरली. सुंदरबाईने भर कोर्टात नवऱ्याच्या विरुद्ध खरं सांगितलं. ओट्यावर बसलेली म्हातारी माणसं मला बघून सावरून बसायला लागली. शाळेच्या मास्तरांनी पोरांना माझं उदाहरण दिलं म्हणे. जन्मात पहिल्यांदा माझं नाव चांगलं निघालं आणि तेही चुकून. मी एकदोघींना सांगायचा प्रयत्न केला की बाई, मी तसं नव्हते करणार, तर त्या म्हणाल्या, अक्का, तुमचा मोठेपणा आहे. नाना दोन महिने माझ्याशी फक्त जेवणापुरतं बोलले. नंतर एक दिवस आपणच म्हणाले, बरं झालं, त्या मोजणीच्या दिवशी मीच बोलायला हवं होतं. यावर मी त्यांना वरण जास्त वाढलं.

चौऱ्याण्णव साली निकाल लागला. दावा फेटाळला. तोंडी वाटणी झालेली आहे, खळं पुनाभाऊंच्या वाट्याला गेलं होतं, वादीच्या साक्षीदारानेच ते कबूल केलं आहे. आमचे वकील म्हणाले, जिल्हा कोर्टात अपील करता येईल, आणि त्यानंतरही वर जाता येतं. नानांनी माझ्याकडे पाहिलं. इतक्या वर्षांत वर जायचं की नाही हे मीच ठरवत आले होते. मी म्हटलं, वर गेलं तरी तिथे माझंच बोलणं वाचतील ना? वकील म्हणाले, हो, तेच वाचतील. मग राहू द्या, मी म्हटलं. एकदा बोलले तेवढं पुरे.

भिकुबाईने लगेच चूल घातली. पहिल्याहून मोठी, दोन खापरं एकदम बसतील अशी. मांडे शिकलेल्या पोरींपैकी दोघी तिच्या हाताखाली येऊ लागल्या. माझ्या खिडकीत धूर यायला लागला आणि मी खिडकी लावून घ्यायला लागले.

पुढच्या उन्हाळ्यात ती एक कागद घेऊन माझ्याकडे आली. पावसात चूल पुन्हा खचू नये म्हणून तिला खळ्यावर पत्र्याची शेड घालायची होती आणि ग्रामपंचायत शेजाऱ्याची हरकत नाही असं लिहून मागत होती. शेजारी आम्हीच. नाना ओट्यावर होते, म्हणाले, तूच कर सही, तुझाच अनुभव जास्त. मी चष्मा लावला. वर लिहिलं होतं, जागेची मालक भिकुबाई पुना. मी ते दोनदा वाचलं. तिने पेन पुढे केलं.

मी विचारलं, शेड कुठपर्यंत येणार? तिने हाताने दाखवलं, निंबाच्या अलीकडे. मी म्हटलं, धूर माझ्याकडे येतो, दोन हात पलीकडे घे. ती बरं म्हणाली, आणि लगेच म्हणाली, दोन काय, तीन घेते. बघा, इथेही तिने वाद घालू दिला नाही.

मी सही केली. सुंदरबाई अभिमन, शेवटचं अक्षर ओळीखाली गेलं. मग अर्जदार म्हणून तिची सही हवी होती. आतापर्यंत ती अंगठा लावायची, मी शाईचं पॅड शोधायला उठले. ती म्हणाली, नको अक्का. गावात साक्षरतेचे वर्ग चालू झाले होते, संध्याकाळी ती तिथे जात होती हे मला कुणी सांगितलंच नव्हतं. तिने पेन धरलं, मांडा झेलताना धरते तसं जिभेचं टोक दातात धरलं, आणि माझ्या सहीखाली आपलं नाव लिहिलं.

प्रत्येक अक्षर सुटं, गोल, एका ओळीत. मी चौथीपर्यंत शिकलेली. मला असं अक्षर कधी काढता आलं नाही.